विमानाखालचं वाक्य

नऊ वर्षं एकाच मालिकेत एकाच घराची वाट लावत बसलेली बाई एके दिवशी उठून सिनेमा दिग्दर्शित करते म्हणाली, तर लोक हसणारच. श्रुतिका पालवलाही हसले. मालिकेत ती कारस्थानी मोठी जाऊ होती. कोणाच्या दुधात काहीबाही कालवायचं, कोणाची पत्रं जाळायची आणि भाग संपताना एक भुवई चढवून कॅमेऱ्याकडे बघायचं. त्या भुवईवर तिचं घर चाललं होतं. बोरिवलीच्या बाजारात बायका तिला अडवून आधी शिव्या घालायच्या आणि मग सेल्फी मागायच्या. अशी चालती भुवई सोडून ही बया काय काढणार, तर एक म्हातारी आई आणि कित्येक वर्षांनी घरी आलेली तिची मुलगी, एवढ्याच गोष्टीचा सिनेमा. त्यात एक गाणं नाही की कोणी कोणाच्या थोबाडीत मारत नाही. मालिकेच्या निर्मात्याने सगळ्यांदेखत "हिला अवदसा आठवली" असं जाहीर केलं आणि आठवड्याभरात दुसरी भुवई शोधून आणली.

शूटिंगच्या तोंडावर आईची भूमिका करणाऱ्या बाईंनी तारखा दुसरीकडे देऊन टाकल्या. श्रुतिका दहिसरला माहेरी गेली आणि स्वयंपाकघरात फतकल मारून रडली. तिची आई शेवंती भाकऱ्या थापत होती. तिने हातसुद्धा थांबवला नाही.

"मगे मी उभी रवू काय?" ती म्हणाली. "त्या मेल्या कॅमेऱ्याक काय भियाचा?"

आणि खरंच ती भ्यायली नाही. तांदूळ धुवायला सांगितले की शेवंती तांदूळ धुवायची, तांदूळ धुण्याचा अभिनय करायची नाही. दिलेलं वाक्य तिने एकदाही दिलेल्या शब्दांत म्हटलं नाही, मालवणीत स्वतःचंच काहीतरी बोलायची, आणि ते लिहिलेल्यापेक्षा दरवेळी बरं असायचं. दहा दिवस आईला मॉनिटरवर बघता बघता श्रुतिकाला वाटायला लागलं, की आपण इतकी वर्षं जे करत होतो त्याला अभिनय म्हणायची लाजच वाटली पाहिजे.

शूटिंगची खोली घाटकोपरच्या टेकडीवर होती. स्वस्तात मिळाली, कारण सांताक्रूझला उतरणारी विमानं तिच्या डोक्यावरून जायची. दर दोन-तीन मिनिटांनी पत्रे थरथरायचे आणि आवाज घेणारा सर्वेश कानांवरचा हेडफोन काढून कपाळाला हात लावायचा. विमान आलं की शॉट थांबवायचा, असा नियमच त्याने घालून दिला होता.

शेवटच्या दिवशी सिनेमातला सगळ्यात महत्त्वाचा शॉट होता. आई तांदूळ धुता धुता वळते, दारात मुलगी दिसते, आणि आई एक वाक्य बोलते. "किती वाळलीस गं." बस, एवढंच. ऊन खिडकीतून सरकत चाललं होतं. शॉट एकट्या आईचा होता, दारात कोणी उभं नव्हतं; श्रुतिका त्याच दारापलीकडच्या खोलीत मॉनिटरपुढे बसली होती. शेवंती वळली आणि नेमकं तेव्हाच विमान आलं. हेडफोनमध्ये नुसता गडगडाट. पण पडद्यावर आईचा चेहरा! कपाळावर घाम, ओठ जरासे कापताहेत, डोळ्यांत असं काही की नजर हटू नये. श्रुतिकाला नऊ वर्षं ग्लिसरीन घालून जे साधलं नव्हतं, ते आईने एका शॉटमध्ये केलं होतं.

"झकास, आई! ओके!" ती तिथूनच ओरडली.

"मॅडम, एक शब्द आला नाहीये," सर्वेश म्हणाला. "अजून एक घेऊया ना."

"ऊन चाललंय रे. डबिंगला घेऊ."

या धंद्यात हे वाक्य लोक चहा सांगावा तितक्या सहज बोलतात. मागून स्टुडिओत उभं राहून तेच शब्द बोलायचे आणि चित्रावर चिकटवायचे, त्यात काय मोठं? मग आणखी दोन शॉट झाले, टाळ्या वाजल्या, पेढे वाटले. चौथ्या दिवशी सकाळी मेथी निवडता निवडता शेवंती गेली.

डॉक्टरांनी विचारलं, हे दुखणं काही दिवस चाललेलं असणार, त्या कोणाला काही बोलल्या नाहीत का? "नाही हो," श्रुतिका म्हणाली. "आई स्वतःचं कधी काही सांगायचीच नाही." भेटायला आलेल्या बायकांनीही माना डोलावल्या. शेवंती तशीच, सोसणारी. असं म्हटलं की सगळ्यांनाच बरं वाटतं.

पाच महिन्यांनी सिनेमा जोडून झाला. एका फेस्टिव्हलने तो मागितला, शुक्रवारपर्यंत पूर्ण प्रत हवी होती. उरलं होतं ते एक वाक्य. श्रुतिकाचा आवाज हुबेहूब आईसारखा, फोनवर नातेवाईक नेहमी फसायचे. तेव्हा वाक्य तीच बोलणार होती. पण बोलायचं काय? "किती वाळलीस गं" ओठांवर बसेना. आई नेहमीसारखंच स्वतःचं काहीतरी बोलली होती.

"काहीही टाकूया ना मॅडम," सर्वेश म्हणाला. "कोणाला कळणारे?"

"मला कळेल."

त्या शॉटमध्ये आई थेट तिच्या दिशेने बघून बोलली होती. एरवीची दहा हजार वाक्यं हवेत विरून गेली, हे एक पकडून ठेवलेलं होतं, आणि तेच ऐकू येत नव्हतं. आईच्या तोंडात स्वतःचे शब्द कोंबायचे म्हणजे तिला चोरी वाटत होती.

तेव्हा तिला बाबा आठवले. दशरथ पालव सत्तावीस वर्षं गिरणीत साच्यांवर, म्हणजे मागांवर होता. त्या मागांच्या खडखडाटात कोणाचं बोलणं कोणाला ऐकू जायचं नाही, सगळा कारभार ओठांवर चालायचा. चार साच्यांपलीकडून कोणी शिवी दिली तरी दशरथला ती अक्षरन् अक्षर कळायची. गिरणीने त्याचे कान नेले, पण ही विद्या शिल्लक राहिली. बायको गेल्यापासून त्याला तिचं चित्र दाखवायचा धीर मात्र श्रुतिकाला झाला नव्हता.

ती लॅपटॉप घेऊन दहिसरला गेली. म्हाताऱ्याने चष्मा पुसला, शॉट एकदा पाहिला, परत लावायला सांगितला, पुन्हा एकदा लावायला सांगितला. मग चष्मा काढून मांडीवर ठेवला.

"जेवलंस काय गो, म्हणता," तो म्हणाला.

श्रुतिका हसली आणि रडली. बरोबरच, आई दुसरं काय विचारणार! दाराचं कुलूप दुरुस्त करायला आलेल्यालाही ती आधी हेच विचारायची. त्या दिवशी श्रुतिका फार दिवसांनी पोटभर जेवली.

दुसऱ्या दिवशी अंधेरीच्या स्टुडिओत ती माइकपुढे उभी राहिली. पहिला टेक जुळला नाही. दुसराही नाही. डबिंगमध्ये एक साधी गोष्ट असते. प, ब, म म्हणताना माणसाचे ओठ मिटतात. बाकी काही इकडेतिकडे झालं तरी खपतं, मिटलेले ओठ खपत नाहीत. पडद्यावर आईचे ओठ तीनदा मिटत होते. "जेवलंस काय गो" म्हणताना एकदाही मिटत नाहीत. आणि पडद्यावरचं बोलणं लांबही होतं. सर्वेशलाही ते दिसलं, पण तो मान खाली घालून वायरी गुंडाळत राहिला.

दुपारी ती पुन्हा दहिसरला आली. बाबांच्या समोर उभी राहून, त्यांना दिसेल असं म्हणाली, "बाबा, खोटं का सांगितलंत?"

म्हाताऱ्याने तिच्या ओठांवरची नजर काढली. खुर्चीतच तोंड फिरवलं. तिने लॅपटॉप त्याच्या मांडीवर ठेवला. शेवटी त्याने बोट पडद्यावर, बायकोच्या हनुवटीखाली टेकवलं आणि लहान मुलाने धडा वाचावा तसं एकेक करून वाचलं.

"बाये... माका जरा बसाक दी... छातीत दुखता."

शॉट पुढे चालूच होता. लॅपटॉपमधून विमानाच्या गडगडाटावर चढलेला श्रुतिकाचाच आनंदाने चिरकलेला आवाज आला, झकास, आई, ओके. दशरथला तो ऐकू गेला नाही. पण तो आवाज ऐकणारा शेवंतीचा चेहरा त्याला दिसला.

"मगे म्हणता, 'बरां'," तो म्हणाला.

म्हणजे आई बोलली होती. सोसणारी, न सांगणारी, असं सगळ्यांनी जिचं कौतुक केलं ती बाई सरळ लेकीकडे बघून सांगत होती की दुखतंय, आणि लेकीने पलीकडून वाहवा केली. आईला वाटलं असणार, पोरीने ऐकलंय, तरी काम उरकूया म्हणते. म्हणून बरं म्हणाली. पुढचे दोन शॉट तिने उभ्यानेच दिले, पेढाही खाल्ला. श्रुतिकाला भिंतीवर डोकं आपटावंसं वाटलं.

"काढून टाकते मी तो शॉट," ती म्हणाली. "सिनेमाच नको मला."

"काढू नको," दशरथ म्हणाला. "तेव्हा कोणी ऐकूक नाय तिचा. आता लोकांका तरी ऐकांदे." आणि थोडं थांबून, "जमात तुका?"

तिने तोंड पुसलं. उजेड चेहऱ्यावर येईल अशी खिडकीसमोर उभी राहिली आणि आईच्या आवाजात ते वाक्य म्हटलं. आवाज म्हाताऱ्याच्या काय कामाचा? तो फक्त ओठ बघत होता. त्याने मान हलवली.

"तुझा तोंड लय दुखता," तो म्हणाला. "तिचा दुखूक नाय. ती नुसती सांगता."

इतक्या वर्षांत असं दिग्दर्शन तिला कोणी केलं नव्हतं. तिने डोळे मिटले, उघडले, आणि पुन्हा म्हटलं. या वेळी काही न करता, बाजारातून पिशवी घेऊन आलेल्या बाईने दारात म्हणावं तसं. बाये, माका जरा बसाक दी. छातीत दुखता.

दशरथ शेवटच्या अक्षरापर्यंत तिच्या ओठांकडे बघत राहिला. मग त्याने लॅपटॉप बाजूला ठेवला, गुडघ्यावर हात देऊन उठला आणि आपली खुर्ची तिच्याकडे सरकवली.

"बस मगे," तो म्हणाला. "बस गो. कोण नको म्हणता?"