सूचीतली सहा नावं

हळू उघडा हो मला! पाठ मोडली आहे माझी. कुठूनही उघडलंत तरी मी आपला घसरत घसरत एकाच पानावर येऊन थांबतो, आणि त्या पानाचीच ही सगळी हकीकत आहे. मी एक पुस्तक बोलतोय. ग्रंथबिंथ नव्हे, साधं पुस्तक, पण एके काळी माझ्यासाठी दुकानात रेटारेटी झाली होती बरं का!

आमच्या देशाच्या राष्ट्राध्यक्षांना सगळे नुसतं ‘साहेब’ म्हणायचे. साहेबांनी धरणं बांधली, शाळा काढल्या, आणि मग वर्तमानपत्रं बंद करून विरोधकांना तुरुंगात डांबलं. लोक रस्त्यावर आले. साहेब सहा सल्लागारांच्या गराड्यात बसून राहिले आणि शेवटी मागच्या दाराने निघून गेले. एका बातमीदाराने ही पडझड घाईघाईने लिहून काढली. माझी शाई धड वाळली नव्हती, तोवर मी दुकानाच्या काचेत.

मोठ्या माणसांची एक गंमत मी तिथेच पाहिली. तुम्ही-आम्ही पुस्तक पुढून उघडतो. साहेबांच्या कचेरीतली माणसं मात्र मला मागून उघडायची. माझ्या शेवटी नावांची सूची आहे, कोण कुठल्या पानावर ते सांगणारी. इकडेतिकडे बघत तिच्यात आपलं नाव शोधायचं. सापडलं की घाम फुटायचा, नाही सापडलं की तोंड आणखीच पडायचं! “एवढी वर्षं राबलो, मेल्याने नावसुद्धा घातलं नाही,” असं पुटपुटत एक जण मला पालथा टाकून गेला.

एक बाई आल्या. त्यांनीही मागून उघडलं, एक पान काढलं, उभ्या उभ्या वाचलं आणि मला छातीशी धरून घरी नेलं. त्या आमच्या काकू. त्यांचे यजमान, आमचे काका, साहेबांना भाषणं लिहून द्यायचे. सहा सल्लागारांतले एक.

त्या पानावर शेवटच्या बैठकीची गोष्ट आहे. आदल्या पानावर पाच सल्लागार नावानिशी म्हणाले, “साहेब, आपण ठाम राहा.” ह्या पानावर एकटे काका उठले आणि म्हणाले, “साहेब, लोक चुकलेले नाहीत, आपण चुकलोय. आज रेडिओवरून तेवढं सांगा.” साहेबांनी ऐकलं नाही. पण बोलायला छाती लागते की नाही?

काकूंनी ते पान उभ्या शेजाराला दाखवलं. शेजारी, नातेवाईक, दुधाचे पैसे घ्यायला आलेला माणूस, कुणीही येवो, काकू म्हणायच्या, “बसा, तुम्हाला एक वाचून दाखवते.” त्या दिवसांत सल्लागार म्हटलं की लोक दारात थुंकायचे. पण ह्या घराकडे कुणी बोट दाखवलं नाही. काकू ताठ मानेने बाजारात जायच्या, ते माझ्या जिवावर. मलाही त्याचा मोठा तोरा होता. काका मात्र, मला काढलं रे काढलं, की पाणी प्यायला आत जायचे. मला वाटायचं, काय विनयशील माणूस!

वर्षं गेली. साहेब परमुलखात वारले. त्यांच्यानंतर आलेल्यांनीही काही मोठे दिवे लावले नाहीत. मग जे पाहुणे साहेबांच्या नावाने बोटं मोडायचे, तेच म्हणू लागले, “काही म्हणा, साहेबांच्या वेळी असं नव्हतं.” चौकात पुतळा उभा राहिला. आता साहेब चांगले ठरले म्हटल्यावर त्या तुरुंगांचं खापर कुणाच्या तरी डोक्यावर फोडायलाच हवं! ते सल्लागारांच्या डोक्यावर फुटलं. साहेब म्हणजे देवमाणूस, सल्लागारांनी घात केला, असं जो तो बोलू लागला.

तसं एक नवं पुस्तकही निघालं. जाडजूड, चकचकीत कव्हराचं. काकांनी रेडिओवर त्याच्याबद्दल ऐकलं. त्यांची दृष्टी तोवर गेलेली, वाचायचं ते काकूंच्या तोंडून. ते म्हणाले, “घेऊन ये गं. बघू तरी काय लिहिलंय.”

काकूंनी दुकानात ते मागून उघडलं. काकांचं नाव भरपूर पानांवर होतं, आणि प्रत्येक पानावर ‘लाळघोट्या’. त्या पुस्तक घेऊन घरी आल्या. “ह्या वयात ह्यांना हे ऐकवू? मरेन पण ऐकवणार नाही,” असं त्या माझ्यापाशी म्हणाल्या. मग त्यांनी नव्या पुस्तकाचं कव्हर उतरवलं आणि मला चढवलं! ढगळ सदरा घातल्यासारखा मी काकूंच्या मांडीवर बसलो. काकांनी कव्हरवरून हात फिरवला आणि म्हणाले, “गुळगुळीत आहे. वाच.”

दुपारची जेवणं झाली की खिडकीशी वाचन चालायचं. काकूंची काय त्रेधा! नव्या पुस्तकात साहेबांची स्तुती असणार हे काकांना माहीत होतं, आणि माझ्यात तर त्यांचे वाभाडे. मग माझ्यात जिथे ‘हुकूमशहा’ होतं तिथे काकू ‘कणखर नेते’ वाचायच्या. ‘विरोधकांना तुरुंगात टाकलं’च्या जागी ‘विरोधकांची सोय केली’! मी आतल्या आत लोटपोट व्हायचो. असं करत करत आम्ही त्या पानावर आलो. तिथे काही बदलायला नको होतं. काकू खुलल्या, खणखणीत आवाजात वाचू लागल्या. “साहेब, लोक चुकलेले नाहीत...”

“थांब,” काका म्हणाले. “हे नवं पुस्तक नाही.”

“तुम्हाला काय दिसतंय?” काकू चाचरल्या.

“दिसत नाही, पण वास येतो. जुना कागद पहिल्याच दिवशी ओळखला मी. तू ‘सोय केली’ म्हणालीस तेव्हा हसू आवरताना जीव गेला माझा.”

काकूही हसल्या. पण काकांचं हसू लगेच मावळलं. “माझ्यासाठी केलंस ना हे सगळं? मग ऐक. ते वाक्य माझं नाही. मास्तर बोलले होते ते.”

मास्तर म्हणजे सहांतले दुसरे सल्लागार. ते शाळेत शिकवत असताना साहेबांनी त्यांना कचेरीत आणलं होतं. माझ्यात त्यांचं नाव आदल्या पानावर, ‘आपण ठाम राहा’ म्हणणाऱ्या पाचांत आहे. अहो, मी हादरलोच. इतकी वर्षं मिरवत होतो ते पान खोटं?

“मी तोंडात मूग गिळून बसलो होतो,” काका म्हणाले. “पुढे बातमीदार विचारायला आला. म्हटलं, आमच्यातला एक जण बोलला. नाव सांगायची भीती वाटली, मास्तरांच्या मागे आधीच चौकशी लागलेली. त्याला वाटलं, मी स्वतःबद्दलच बोलतोय आणि विनयाने नाव घेत नाहीये. छापून आल्यावर सांगायला हवं होतं. पण तू इतकी खूश होतीस... आयुष्यभर माझी वाक्यं दुसऱ्याच्या तोंडी घातली, आणि दुसऱ्याचं एकच वाक्य माझ्या नावावर राहिलं.”

काकूंनी मला मिटलं. “मास्तरांच्या शिकवण्या बंद पडल्या होत्या,” त्या हळूच म्हणाल्या. “लोकांनी मुलं काढून घेतली. हुजऱ्याकडे नको म्हणाले. आणि मी तेव्हा घरोघर हे वाचत फिरत होते.”

त्या उठल्या आणि मला कपाटावर फेकलं. पुढचे काही दिवस त्या भांडी आपटत राहिल्या. मी धूळ खात पडलो होतो आणि मला माझीच लाज वाटत होती. छापलेलं म्हणजे खरं असं लोक धरून चालतात हो! मीही तसंच धरून चाललो होतो.

मग एके सकाळी काकांची काठी कपाटाशी येऊन थांबली. “पुस्तक काढ. मास्तरांच्या घरी घेऊन चल मला.”

“ते तर वारले.”

“बाई आहेत ना.”

मास्तरीणबाई दोन खोल्यांत शिवणकाम करून राहत होत्या. दार उघडलं, पण आत या म्हणाल्या नाहीत. माझ्याकडे बघितलं आणि त्यांचा चेहरा दगड झाला. त्या घरात मला चांगलंच ओळखत होते.

काका उंबऱ्याबाहेरच उभे राहिले. सगळं सांगितलं, न अडखळता, पदरचं काही न घालता. मग म्हणाले, “पेन द्या.” मास्तरीणबाई दारातून बाजूला झाल्या, आणि काकूंनी मला आतल्या शिलाईच्या मेजावर ठेवलं. मी आपोआप त्या पानावर उघडलो. काकूंनी काकांचं बोट धरून त्यांच्या नावावर नेलं. त्यांनी ते खोडलं आणि वर मास्तरांचं नाव लिहिलं. दिसत नव्हतं, त्यामुळे अक्षरं वाकडी, दोन ओळींवर चढलेली. पेनाचं टोक मला टोचलं, पण बरं वाटलं.

“मला ठाऊक होतं,” मास्तरीणबाई म्हणाल्या. “त्या दिवशी घरी आले आणि पायातले बूट न काढताच मला सांगितलं त्यांनी. पण मी बोलून काय उपयोग? बायको नवऱ्याचीच बाजू घेणार, असंच म्हणाले असते सगळे. अहो, तुम्ही ते असताना का नाही आलात?”

काका खाली मान घालून रडले.

शेवटी मास्तरीणबाईंनी खुर्ची पुढे सरकवली. “बसा,” त्या काकांना म्हणाल्या, आणि मग काकूंना, “तुम्ही वाचता म्हणे हे छान. वाचा ना एकदा. नावासकट.”

त्या पानावर काकूंचा आवाज कधी अडला नव्हता. त्या दिवशी मास्तरांच्या नावाशी अडला. पाणी पिऊन त्यांनी पुन्हा पहिल्यापासून वाचलं.

तेव्हापासून मी इथेच आहे, शिलाई मशीनशेजारी. ते चकचकीत कव्हर काकू घेऊन गेल्या आणि नवं पुस्तकही काकांनी अक्षरन् अक्षर वाचून घेतलं म्हणे. माझ्या बाकीच्या प्रती अजून गावोगाव तेच खोटं सांगत असतील, त्यांना मी आवरू शकत नाही. म्हणून तुम्हाला हात जोडून सांगतो, माझ्यासारखं एखादं पुस्तक हातात आलं तर त्यातल्या माणसांना चांगलं-वाईट ठरवायची एवढी घाई करू नका.

आणि मला उघडाल तेव्हा मागूनच उघडा. सूचीत मास्तरांचं नाव काढा. त्याच्यापुढे एकच पान छापलेलं आहे, ‘ठाम राहा’ म्हणणाऱ्या हुजऱ्यांचं. त्या दिवशी पाहुणे गेल्यावर मास्तरीणबाईंनी चष्मा लावला, तेच पेन घेतलं, आणि त्याच्याशेजारी ठळकपणे काकांनी दुरुस्त केलेल्या पानाचा आकडा लिहिला.