दोघींना एकेक

निळं बटण. चार भोकांचं, त्यातलं एक भोक कडेपर्यंत तुटलेलं, म्हणजे आता साडेतीनच म्हणायची — बकुळाने ते मोबाइलच्या शेजारी, टेबलावरच्या प्लास्टिकवर छापलेल्या द्राक्षांच्या घडावर ठेवलं, मग जरा डावीकडे सरकवलं, मग पुन्हा होतं तिथेच... सव्वाचारला अजून सहा मिनिटं होती. बटणाला काही काम नव्हतं. खेळ काचेत होता, सोंगट्या काचेत होत्या, फासाही काचेतच गडगडायचा. बटण नुसतं बसून राहणार होतं, लग्नघरात एखादी म्हातारी आत्या बसून राहते तसं. पण आज ते हवं होतं. आज कुणीतरी बघणारं हवं होतं.

धारला बाबांचं शिवणाचं दुकान होतं आणि नारायणराव कातरण म्हणून कधी टाकत नसत. लुगड्याच्या काठाचं लाल, खणाचं हिरवं, कोटाच्या अस्तराचं पिवळं, शाळेच्या गणवेशाचं निळं — असे तुकडे जोडून त्यांनी लुडोचा एक पट शिवला होता, आणि सोंगट्या म्हणून डब्यातली बटणं. नियम सगळ्यांचेच, फक्त एक घरचा जादा: पहिला सहा देवीचा. सहा पडला की सोंगटी बाहेर काढायची नाही. हात मांडीवर ठेवायचा, मनात नाव घ्यायचं, आणि ती खेळी तशीच जाऊ द्यायची. पुढचा सहा आपला. बकुळाचा अभिषेक पाच वर्षांचा असताना आजोळी गेला की या नियमावरून भोकाड पसरायचा — "माझा सहा देवी खाऊन टाकते!" आणि बाबा सुईत दोरा ओवता ओवता, वर न बघता म्हणायचे, "खात नाही रे राजा. ठेवून घेते. लागेल तेव्हा देते परत."

मोबाइलवरचा खेळ रुक्मिणीने पाठवला. थोरली बहीण, अजून धारलाच, सगळ्या नव्या गोष्टी तिला आधी कळतात. लिंक आली, बकुळाने दाबली, चार रंगांचं अंगण उघडलं. आणि मग बराच वेळ विचार करून तिने ती लिंक अभिषेकला गुरुग्रामला पाठवली. नुसती लिंक. वर काही लिहिलं नाही. कारण त्याआधी लिहून पाहिलं होतं — देवासच्या टेकडीवरच्या गर्दीबद्दल, कंपनीच्या जुन्या क्वार्टरा पाडताहेत त्याबद्दल, आपल्या गुडघ्याबद्दल, चांगलं पानभर — आणि त्याचं उत्तर आलं होतं आवाजात, मागे गाड्यांचा गोंगाट: "आई, इतकं लंबा मराठी नको ना लिहू, पढने में टाइम लगता है. फोन करतो ना संडे को." मग अंगठा. मग पुढच्या प्रत्येक मजकुराला अंगठा. हिंदी शाळेत घातलं ते आम्हीच, तेव्हा कोण म्हणालं होतं की मराठी वाचायला त्याला बोट ठेवावं लागेल... लिंकला मात्र अंगठा आला नाही. तीन मिनिटांत तो स्वतःच आला. काळा चष्मा लावलेला गोल फोटो, खाली नाव, निळ्या घरात.

तेव्हापासून रोज सव्वाचार. त्याची ऑफिसातली चहाची वेळ.

या खेळात फासा आपोआप पडतो. सहा पडेपर्यंत कुणालाच काही करायचं नसतं. सहा पडला की पंधरा सेकंदांत सोंगटीवर बोट ठेवायचं, नाही ठेवलं तर पाळी दुसऱ्याकडे. फोटोभोवतीचं हिरवं कडं तेवढा वेळ हळूहळू झिजत जातं. बाबांचा नियम जणू आधीपासून ठाऊक असल्यासारखीच ही सोय. पहिल्याच दिवशी अभिषेकला सहा पडला आणि कडं झिजू लागलं, अर्धं झालं, पाव झालं — बकुळाने श्वास धरून ठेवला होता — संपलं. त्याने सोंगटी काढली नाही. आठवलं त्याला! पंचवीस वर्षांनी, काचेच्या इमारतीत बसून, आठवलं. आणि पुढचा सहा पडला तर तोही त्याने सोडला, आणि हे का, ते तिला त्या वेळी कळलंच नाही, स्वयंपाक करताना कळलं, झारा हातात तसाच: देवासच्या टेकडीवर देवी दोन. मोठी आणि धाकटी. धारच्या आजोबांनी एकीलाच मोजलं होतं, देवासच्या नातवाने दोघींना एकेक दिला.

"अगं, बकुळे, देवासचा पोरगा ना तो," रुक्मिणी धारहून म्हणाली होती, "मावशीच्या दोन पावलं पुढेच असणार."

दोन महिने. रोज दोन सहा. शुक्रवारी बकुळा टेकडी चढली, गुडघा दुखत असताना ट्रॉली न करता चढली, आणि दोन्ही देवळांत सांगून आली.

आणि काल...

काल रुक्मिणीचा आवाज खेळाच्या मधोमध माइकवर फुटला. "अगं सुन तर सही! दूध उतू चाललं म्हणून मी उठले, गॅस बंद केला, ओटा पुसला, येऊन बघते तर माझी सोंगटी घरात! मी नसतानाच मी जिंकत होते गं!" हसून हसून तिला ठसका लागला. "दोन पाळ्या चुकल्या ना, की मग कंप्यूटरच खेळतो म्हणे आपल्या नावाने. इथं 'वापस आओ' असं बटण येतं, ते दाबलं की आपण परत. तुला कळलं का, ती मी नव्हते ते?"

"नाही."

"बघ! फोटो माझा, नाव माझं. चांगला खेळतो हं मेला, माझ्याहून बरा."

दोन पाळ्या. बकुळा हसली नव्हती. दोन पाळ्या चुकल्या की.

आता सव्वाचार. रुक्मिणी आज नाही, नालछ्याला कुणाचा साखरपुडा आहे. बकुळाने बोलावणं पाठवलं. एक... दोन... काळा चष्मा आला. म्हणजे बोट तर त्याचंच. निदान एकदा, दिवसातून एकदा, हा एक स्पर्श त्याचाच असणार, दार त्यानेच उघडलं — पण दार उघडून माणूस आत बसला की मोबाइल पालथा घालून निघून गेला, हे दारावरून कसं कळावं?

तीन. दोन. पाच. एक. कुणालाच काही नाही.

विचारता येईल. आत्ता फोन लावता येईल: अभी, तू खेळतोस ना रे? आणि तो म्हणेल, "खेळतोय ना, आई." ते खरं म्हणून धरावं लागेल, आणि धरता येणार नाही. किंवा खरंच सांगेल — मनाने तो तसा सरळ आहे — सांगेल की मीटिंग असते गं, जॉइन करून ठेवतो, तुला बरं वाटतं म्हणून. मग उद्या सव्वाचारला मी काय करायचं?

"कोण, अभी का?" पडवीतून तिच्या नवऱ्याने, मोरोपंतांनी विचारलं. तेही मोबाइलवरच होते, बुद्धिबळ; निवृत्त झाल्यापासून रोज दुपारी चहा होईस्तोवर.

"हं."

"काय म्हणतो?"

"खेळतोय."

"बरं आहे." त्यांचा घोडा कुठेतरी पडला असावा, त्यांनी जीभ टाळ्याला लावून च्यक् केलं.

"तुम्ही त्या मशीनशीच खेळता," ती एकदम म्हणाली. "कंटाळा नाही येत?"

"मशीन मधेच उठून जात नाही," मोरोपंत म्हणाले. "नोकरीत असताना रेस्टहाउसवर आम्ही खेळायचो, तर आमचा वझे हरायला आला की हटकून त्याला पाण्याची टाकी आठवायची."

चार. सहा.

अभिषेकचा सहा. कडं झिजू लागलं. बकुळाने बटणावर बोट ठेवलं, खऱ्या बटणावर, तुटलेल्या भोकाची कड टोचेपर्यंत दाबलं. हे आता दोन प्रकारे दिसत होतं आणि दोन्ही एकदम दिसत होतं: तिकडे एक मुलगा चहाचा कागदी पेला टेबलावर ठेवतो, हात मांडीवर घेतो, कुणी बघत नाही ना असं बघून मनात मोठीचं नाव घेतो. आणि तिकडे एक पालथा मोबाइल, शेजारी कुणी नाही, लिफ्टचं दार मिटतंय... दोन्हींना लागतात पंधराच सेकंद. कडं संपलं.

दोन. एक. सहा — हा तिचा. तिने सवयीने हात मांडीवर घेतला. नाव घेतलं. तो सहा जाऊ दिला.

पाच. चार. पुन्हा सहा, निळा. धाकटीचा. कडं झिजलं. संपलं.

आणि पुढच्या सहावर निळी सोंगटी टुणकन बाहेर आली, रोजच्यासारखी, कडं झिजायची वाट न बघता.

म्हणजे काय ठरलं? काही नाही ठरलं. दोघींना एकेक देऊन झालं की मुलगा खेळायला लागेल. दोन पाळ्या चुकल्या की मशीन खेळायला लागेल. मुलाने नियम पाळला तर असंच दिसणार, मुलगा नसला तरी असंच. तिने माइक दाबला. "अभी, चहा झाला का रे?" तिकडून काही नाही. त्याचा माइक नेहमीच बंद, आजूबाजूला माणसं असतात. हसरं तोंड, रडकं तोंड, त्यातलंही त्याने कधी काही पाठवलं नव्हतं, अगदी पहिल्या दिवशीसुद्धा. पण लहानपणीही तो खेळताना बोलत नसे, ओठ आत ओढून बसायचा. बाबा म्हणायचे, हा दोरा चावून बसलाय. त्या गप्प मुलाला मी ओळखायचे कशावरून? मानेवरून. मान जरा डावीकडे कलायची. मान इथे नाही. इथे फोटो आहे, आणि फोटोत चष्मा.

सहा. पिवळा. आपला.

हा घ्यायचा. देवीचा देऊन झाला, हा आपला, सोंगटी बाहेर काढायची. बकुळाने बोट काचेवर नेलं, आणि नेलं तिथेच, काचेपासून थोडं वर, थांबवलं. का, ते तिला सांगता आलं नसतं. दोघींना एकेक, असं ओठांवर आलं खरं, पण धाकटीचं नाव काही मनात उमटलं नाही. मनात नुसतं एवढंच होतं की तो जिथे गेला असेल, तिथे जाऊन बघावं कसं वाटतं. कडं तिच्या फोटोभोवती झिजत होतं. फोटो भाचीच्या लग्नातला, नथ घातलेला. स्वतःची वेळ संपताना तिने कधी अशी बघितली नव्हती. पाव. संपलं.

काचेच्या खालच्या बाजूला एक मोठी हिरवी पट्टी आली. वापस आओ.

आणि पुढच्या सहाला तिच्या बोटाशिवाय पिवळी सोंगटी बाहेर आली. मग चार घरं. मग दोन. नथवाला फोटो, खाली बकुळा, आणि बकुळा चांगली खेळत होती, न अडखळता, अंगठ्याने भलतीच सोंगटी न चालवता... इकडून पिवळी, तिकडून निळी, दोघंही झपझप, मायलेकरं किती गोडीनं खेळताहेत असं कुणी वाकून पाहिलं असतं तर म्हणालं असतं. इथे आता कुणीच नव्हतं — किंवा एकटा तो होता. तिचा हात मांडीवर होता. तिला हलकं वाटत होतं, आणि त्या हलकेपणाचा तिला राग येत होता.

तीन. पिवळी तीन घरं पुढे गेली आणि निळीवर बसली. निळी सरपटत उलटी, सगळा रस्ता उलटा, घरी गेली.

"मी नाही!" ती मोठ्याने म्हणाली.

"काय?" पडवीतून.

"काही नाही."

मी नाही मारली. मी त्याची सोंगटी उभ्या जन्मात मारली नाही — कापडाच्या पटावर नाही, या दोन महिन्यांत नाही. वळसा घालून जाते, दुसरी चालवते, स्वतः हरते. रुक्मिणी ओरडते, अगं मार ना त्याला, पोटचा असला तरी खेळात नाही! पण नाही. लहानपणी त्याने एकदा विचारलं होतं, आई, तू मला का नाही मारत, आणि मी म्हणाले होते, दिसलीच नाही रे तुझी सोंगटी. तो म्हणाला होता, झूठ. हे त्याला माहीत आहे. देवीचं विसरला असेल, हे विसरणार नाही.

म्हणजे तिकडे तो असेल — समजा, असेल, पेला हातात, मान डावीकडे — तर त्याने आत्ता बघितलं. आईने दोन सहा सोडले. आणि मग आईने मला मारलं. त्याला कळलं असेल. या मिनिटाला जगात त्या एकाच माणसाला कळू शकतं की नथवाल्या फोटोमागे बकुळा नाही, ती उठून गेली, काही न सांगता.

हिरवी पट्टी तशीच होती. दाबली की परत. एवढंच तर करायचं. पण दाबल्यावर ती जे खेळेल ते त्याला कुठे वेगळं दिसणार होतं? फोटो तोच. नाव तेच.

आणि तो असेल तर मोबाइल त्याच्या हातातच होता. या काचेवर खेळ झाकून त्याचं नाव उमटायला, घंटी वाजायला, एक क्षण पुरे होता. सकाळपासून, कालपासून, तो नसेल म्हणून ती आतल्या आत आक्रसून बसली होती. आणि आता फासा गडगडत असताना तिच्या लक्षात आलं की ती मनातल्या मनात म्हणते आहे, नसू दे. आजच्यापुरता नसू दे. त्याने मीटिंगला जावं, लिफ्टमध्ये असावं, कुणाशी तरी हसत असावं, मोबाइल पालथा असावा...

"कोण जिंकतंय?" मोरोपंतांनी विचारलं.

निळी घरात होती, सहाची वाट बघत. पिवळी पुढे पळत होती. बकुळाने बटण उचलून मुठीत घेतलं. ते इतका वेळ काचेच्या कडेला टेकून होतं, मोबाइलच्या उबेने कोमट झालेलं — कुणाच्या तरी हातात नुकतंच असावं तेवढं कोमट.

"थांबा," ती म्हणाली. "अजून कळत नाही."