माईचं सोंग

गिरगावातल्या त्या वाडीत यशोदाबाई मानकरांना कुणी कधी आजारी पाहिलं नव्हतं. एक जेन बाप्टिस्टा सोडली तर. आणि तिनं जे पाहिलं होतं, ते खरं मानलं नव्हतं. ती भानगड पुढे येईलच.

सत्तरी उलटली तरी यशोदाबाई रोज सकाळी चौपाटीवर चक्कर मारून यायच्या. गॅसचा सिलिंडर दारापासून ओट्यापर्यंत स्वतः लोळवत न्यायच्या. वरच्या गॅलरीतून कुणी पाणी सांडलं, तर खालून असा आवाज द्यायच्या की ज्याचा काही संबंध नाही तोही दचकून माफी मागायचा. नोकरीत असताना ऑफिसच्या नाट्यस्पर्धेत त्यांना भूमिका मिळाल्या त्याही तशाच. कजाग सासू, पाटलीणबाई आणि एका वर्षी पुरुष कमी पडले म्हणून फौजदार. त्यामुळे त्यांच्या भावाची मुलगी अनुजा, जी मालिकांसाठी नट शोधण्याचं काम करते, ती जेव्हा म्हणाली, "आत्या, मरायला टेकलेल्या म्हातारीचं काम आहे, करशील?" तेव्हा अच्युतरावांना हसताना चहाचा ठसका लागला. नवऱ्याच्या या हसण्यामुळेच यशोदाबाई हो म्हणाल्या.

मालिकेचं नाव 'बंद गोदाम'. कॉटन ग्रीनच्या एका जुन्या कापसाच्या गोदामात बारा अनोळखी माणसं कोंडली जातात. प्यायच्या पाण्याचं एकच पिंप. रोज एक खेळ, जो हरेल त्याचं पाणी बंद. त्या बारा जणांत ही माई. दमेकरी, हात थरथरणारे, सगळ्यांना 'बाळा' म्हणणारी आणि आपल्या वाट्याचं पाणी दुसऱ्याला देणारी. बाकीचे एकमेकांच्या जिवावर उठतात, पण माईला जपतात. शेवटच्या भागात मात्र ही माई शाल बाजूला टाकते, ताठ उभी राहते, कमरेची किल्ली काढते आणि आतून दार उघडते. गोदाम तिचं, खेळ तिचा आणि नियमही तिचेच.

हे शेवटचं कुणाला म्हणजे कुणालाही सांगायचं नाही, अशी करारात अट होती. "काकांनासुद्धा नाही," अनुजानं बजावलं. यशोदाबाईंनी आनंदानं सही ठोकली. नवऱ्यापासून काही लपवायची संधी इतक्या वर्षांत त्यांना प्रथमच मिळत होती.

मालिका सुरू झाली. दर शुक्रवारी एक भाग. दोन शुक्रवार गेले आणि यशोदाबाईंचं जग बदललं. बाजारातली कोळीण, जी एरवी त्यांच्याशी कोलंबीच्या एकेका शेपटीवरून भांडायची, ती "बस गो बाय, उभी कशाला रवतेस," म्हणत स्वतःचा पाट पुढे करू लागली. वरच्या मजल्यावरचा ब्रेंडन, हा एका बँकेत मॅनेजर आहे, तो टाय लावलेल्या अवस्थेत त्यांची भाजीची पिशवी वर आणून देऊ लागला. यशोदाबाईंनी पहिल्या दिवशी पिशवी दिली नाही. दुसऱ्या दिवशी दिली. तिसऱ्या दिवशी ब्रेंडन दिसेपर्यंत त्या जिन्याखाली उभ्या राहिल्या. फुकटचा मान कुणाला नको असतो? हळूहळू त्या चालायलाही सावकाश लागल्या. चौपाटीवर जाताना वाडीच्या तोंडापर्यंत पाय ओढत जायचं आणि कोपरा वळला की सुसाट सुटायचं, असं त्यांचं चाललं होतं.

इथवर सगळी गंमत होती. मग एका शनिवारी सकाळी दारात जेन उभी राहिली.

जेन समोरच्याच घरात राहायची. ईस्ट इंडियन, म्हणजे मुंबईचे मूळचे मराठी ख्रिस्ती, वाडीतलं जुनं घराणं. लग्न होऊन यशोदाबाई वाडीत आल्या तेव्हापासून दोघींचं गूळपीठ. मानकर पाठारे प्रभू, मासळीशिवाय घास न उतरणारे, आणि बाप्टिस्टांचंही तेच. त्यामुळे या घरातलं कालवण त्या घरात आणि त्या घरातले फुगे, म्हणजे तळलेले गोल पाव, या घरात, असा रतीबच होता. सगळं वाटून खायचं, एक सोडून. जेनच्या घरचा बॉटल मसाला. उन्हाळ्यात ती तो भाजायची, कुटणाऱ्या बायका दारात मुसळं घेऊन बसायच्या आणि मग तो बिअरच्या काळ्या बाटल्यांत दाबून भरला जायचा. त्यात काय काय पडतं हे जेननं आपल्या मुलाच्या, जेसनच्या बायकोलाही अजून सांगितलेलं नाही.

एका मे महिन्यात अच्युतराव परगावी असताना यशोदाबाई तापानं फणफणल्या. वाडीतले डॉक्टर गावाला गेलेले. जेननं त्यांना उचलून आपल्या घरी नेलं, स्वयंपाकघरालगत खाटेवर निजवलं आणि आठवडाभर त्यांचं सगळं केलं. नेमकी तेव्हाच मसाल्याची भाजणी चालू होती. यशोदाबाई बऱ्या होऊन घरी गेल्या. पुढे पावसाळ्यात त्यांनी जेनला जेवायला बोलावलं, कोलंबी वाढली, आणि पहिल्याच घासाला जेनचा हात थांबला. कोलंबीला बाप्टिस्टांच्या मसाल्याचा वास येत होता.

यशोदाबाईंनी मुद्दाम काहीच केलं नव्हतं. आठवडाभर जे नाकात गेलं ते हातात उतरलं, इतकंच. नाकाला काय कुणी कुलूप लावतं? पण जेननं सगळ्यांच्या देखत सांगून टाकलं की हिला ताप नव्हताच, चुलीशेजारी निजलं तर कपाळ कुणाचंही तापतं, ही सोंग घेऊन माझ्या घरात निजली होती.

मसाला चोरला म्हणाली असती तर यशोदाबाईंनी दोन शब्द सुनावून विषय संपवला असता. पण ताप खोटा? त्या आठवड्यात रात्री डोळे उघडले की उशाशी जेन दिसायची, आणि त्या दिवसांत आपलं या जगात कुणीतरी आहे असं त्यांना मनापासून वाटलं होतं. तेच जेननं खोटं ठरवलं. त्या दिवसापासून दोन्ही घरांत विस्तव जात नव्हता. दहा-बारा वर्षं झाली त्याला. दोघी समोरासमोरच्या गॅलरीत कपडे वाळत घालायच्या आणि एकमेकींच्या कपड्यांकडेसुद्धा बघायच्या नाहीत.

आणि आता जेन दारात उभी होती, हातात सुपाचा डबा. मालिका तिनं वसईला जेसनकडे पाहिली होती. माई तहानेनं फरशीवर कोसळते, तो भाग.

"खोटं आहे ते मला कळतं," ती चपला न काढताच म्हणाली. "पण तुला पडलेली बघवेना गो."

यशोदाबाईंनी डबा घेतला. पुढे काय बोलल्या ते दोघींनाही आठवत नाही, पण दोघी रडल्या हे अच्युतरावांनी पाहिलं.

तेव्हापासून दर शुक्रवारी जेन संध्याकाळी यायची. भाग संपेपर्यंत यशोदाबाईंचा हात हातात धरून बसायची. पडद्यावर माईला कुणी धक्का दिला की इकडे त्याच्या सात पिढ्यांचा उद्धार करायची. येताना काही ना काही करून आणायची आणि यशोदाबाई प्रत्येक गोष्टीचं तोंड भरून कौतुक करायच्या. जेनला न दुखवण्याचा त्यांनी विडाच उचलला होता. कारण त्यांना पुढचं दिसत होतं. शेवटच्या भागात आजारी म्हातारी खोटी निघणार. सोंग घेऊन निजलेली, सगळ्यांची सेवा घेतलेली, आतून पक्की बाई. जेननं जो आरोप केला होता तो आता अख्ख्या महाराष्ट्रासमोर यशोदाबाई स्वतः करून दाखवणार होत्या. आणि सांगायची सोय नाही. तोंड दाबून बुक्क्यांचा मार म्हणतात तो हाच.

शेवटचा शुक्रवार जवळ आला तशा त्यांनी युक्त्या सुरू केल्या. आधी म्हणाल्या, त्या दिवशी माहीमच्या चर्चमध्ये नोव्हेनाच्या प्रार्थनेला जाऊ. जेन म्हणाली, नोव्हेना बुधवारी असतो, आणि तुला कधीपासून गो एवढी भक्ती? मग यशोदाबाईंनी जाहीर केलं की टीव्ही बिघडला. हे ब्रेंडननं ऐकलं. माईचा शेवटचा भाग आणि टीव्ही नाही म्हणजे काय? त्यानं वाडीच्या चौकात फुटबॉलच्या मॅचसाठी लावतात तो मोठा पडदा लावायचं ठरवलं आणि घरोघर सांगूनही आला. एका जेनपासून लपवायला गेल्या आणि आता अख्खी वाडी खुर्च्या टाकून बसणार होती. हात दाखवून अवलक्षण, दुसरं काय?

गुरुवारी यशोदाबाईंनी ठरवलं, करार गेला खड्ड्यात, सांगून टाकायचं. त्या जेनकडे गेल्या, दार लोटलं, म्हणाल्या, "जेन, उद्याच्या भागात माई..."

जेननं पुढे येऊन त्यांच्या तोंडावर हात ठेवला. "मरते. मला माहीत आहे. सांगू नकोस. उद्या रडायचं ते उद्या रडेन."

शुक्रवारी चौक भरला. अच्युतराव पहिल्या रांगेत बसले आणि सवयीप्रमाणे पाच मिनिटांत झोपले. जेन यशोदाबाईंच्या शेजारी, मांडीवर इस्त्री केलेला मोठा रुमाल. माई खोकली तशी जेननं त्यांचा हात धरला. मग माई खोकायची थांबली. शाल खाली पडली. ती उठली, ताठ झाली, आणि गिरगावकरांना ओळखीच्या त्या खणखणीत आवाजात म्हणाली, "झालं? खेळून झालं सगळ्यांचं?"

मग किल्ली फिरली, दार उघडलं आणि एकदम शिट्ट्या सुरू झाल्या. ब्रेंडन खुर्चीवर उभा राहून ओरडत होता की आंटी, माझ्या सगळ्या पिशव्यांचा हिशेब द्या. अच्युतराव जागे झाले, पडद्याकडे पाहिलं आणि मला हे पहिल्यापासून वाटत होतं म्हणाले. लोक यशोदाबाईंभोवती जमले, कुणी गालावरून हात फिरवून बोटं मोडली. यशोदाबाईंना त्यातलं काहीच दिसत नव्हतं. त्यांच्या हातातला हात सुटला होता. जेन उठून, रुमाल न उलगडता, आपल्या घरात निघून गेली होती.

त्या मागोमाग गेल्या. जेन स्वयंपाकघरात टेबलाशी बसली होती, कपाळाला आठ्या.

"तुझंच खरं झालं म्हणायचं असेल तर म्हण," यशोदाबाई दारातूनच म्हणाल्या. आवाज कापत होता, आणि हा अभिनय नव्हता.

"गप जरा. विचार करू दे." जेननं खुर्ची दाखवली. मग म्हणाली, "माई आजारी असते तेव्हा कशी बोलते?"

यशोदाबाई खुर्चीत टेकल्या.

"बाळा म्हणते. मला नको, तुम्ही प्या म्हणते. कुणी नुसतं पांघरूण घातलं तरी डोळ्यांत पाणी आणते. म्हणजे तू सोंग घेतेस तेव्हा अशी साखरेसारखी होतेस." जेन टेबलावर पुढे झुकली. "आणि त्या वेळी इथे या खाटेवर काय करत होतीस? माझ्या पेजेला म्हणालीस, ही पेज आहे की भिंतीला लावायचा चुना. उशी फेकलीस. माझ्या मम्मीचा फोटो उलटा करायला लावलास, का तर ती तुझ्याकडे बघते. मी पाय चेपत होते तर म्हणालीस, जेन, तुला पायही धड चेपता येत नाहीत. सोंग घेणारी बाई असं बोलेल काय गो?"

यशोदाबाईंनी मान वळवून खाटेकडे पाहिलं.

"मसाला तू चोरलास तो चोरलास. ते मी मरेपर्यंत सोडणार नाही," जेन म्हणाली, आणि आता तिचे डोळे भरले. "पण ताप खरा होता. खरा होता गो तुझा ताप. मी मूर्ख."

यशोदाबाईंना खरं तर आनंद व्हायला हवा होता. झालाही, पण त्याच्या आधी दहा-बारा वर्षांचा राग उसळून वर आला. त्यांनी टेबलावर हात आपटला. एवढं कळायला हिला मालिका बघावी लागली? शेजारी राहून, उशाशी बसून कळलं नाही? अक्कल काय त्या बाटल्यांत दाबून भरून ठेवली होती? आपण इकडे गॅलरीत उभं राहून रोज वाट बघायची, आणि ही बया समोर चादरी झटकत बसणार? आणि चुना म्हटलं त्यात चूक काय होतं? चुनाच होता तो. गेल्या शुक्रवारचे फुगेही दगड होते, दाढ दुखली, तरी वा वा म्हणून गिळले. त्याआधीच्या सुपात मीठ नव्हतं. त्याच्याही आधीचं ते गोड काय होतं ते देवालाच ठाऊक.

जेन शांतपणे ऐकत होती. तिच्या कपाळावरच्या आठ्या एकेक करून गेल्या. दोन महिने ही बाई आपण केलेल्या प्रत्येक पदार्थाला छान छान म्हणत होती, तेव्हा जेनचा जीव धास्तावला होता, की आता हिला खरंच काहीतरी मोठं झालंय आणि ही सांगत नाही.

"बोल अजून," ती म्हणाली आणि उठून गॅसवरच्या पातेल्याचं झाकण काढलं. ताटात वाढून तिनं ते यशोदाबाईंच्या पुढ्यात सरकवलं. यशोदाबाईंनी डोळे पुसले, एक घास घेतला आणि चावता चावताच सांगितलं की मटण अजून अर्धा तास शिजायला हवं होतं.