पडद्यामागची जागा

मागच्या दाराने सिनेमागृहात आलेल्या ओशिगेने पडद्याला हात लावला आणि लगेच काढून घेतला. बोटांना चुना लागला होता. कालपर्यंत इथे पाण्याने भिजवलेले कापड होते. त्यातून चित्र आरपार उतरे आणि मागे बसणाऱ्यांना ते स्वस्तात, पण डावे-उजवे उलटे दिसे.

"भिंत बांधली, वहिनी," तेलाची झारी घेऊन आलेला यंत्रचालक हामुरा म्हणाला. "मालकांची हौस. तुम्ही पुढे बसा. दर मागचाच."

"पुढे नको."

"का? तिथे सगळं सुलट दिसतं."

"म्हणूनच."

हामुरा पूर्वी चष्म्याची भिंगे घासत असे. कारणावाचून काही घडत नाही, असा त्याचा विश्वास होता. तो थांबला.

"पुलाच्या दृश्यात आमचे हे आहेत," ती म्हणाली. "छत्र्या खांद्यावर घेऊन जाताना थांबून बघतात. मागून त्यांच्या किमोनोची उजवी बाजू वर दिसते. मेलेल्याला नेसवतात तशी; शवपेटीत ठेवताना मीच नेसवली होती, तशी."

"तो प्रकाशाचा नियम आहे, वहिनी. मागून बघितलं तर त्यातला धडधाकट पहिलवानसुद्धा मेलेलाच."

"असू दे. पण समोरून हे जिवंत दिसतील. मग मी घरी कशी जाऊ?"

 त्याने यंत्राशेजारची चटई झटकून दिली. ती बसली.

पूल आला. छत्रीवाला थांबला, वळला आणि समोर पाहू लागला. किमोनोची डावी बाजू वर होती, जिवंत माणसाची असते तशी. हा तुकडा हामुराने असंख्य वेळा फिरवला होता. त्यात त्याने रेखीवपणा पाहिला होता, उजेड पाहिला होता, माणूस पाहिला नव्हता. एक दिवा, एक भिंग, नखाएवढ्या चित्रांची रांग. एवढ्याच सामग्रीतून चुन्याच्या भिंतीवर कोणीतरी श्वास घेत होते.

ओशिगेने हात उचलला आणि घराबाहेर पडणाऱ्या माणसाची गळपट्टी सारखी करावी तशी हवेत बोटे फिरवली.

यंत्राचा दांडा फिरवणारा हामुराचा हात मंदावला. दांडा मंदावला की दिव्याच्या आचेने फिल्म पेट घेते, हे तोच सर्वांना बजावत असे.

"पुलावर आज गर्दी फार, मंडळी," मूकपटाची गोष्ट सांगायला भिंतीजवळ उभा असलेला कथेकरी सहज म्हणाला, "म्हणून सगळे सावकाश चाललेत."

लोक हसले. छत्रीवाल्याने संथपणे पाठ फिरवली.

"जाऊन या," ओशिगे म्हणाली.