पाटीवरचं वाक्य

हल्डाची आई ठार बहिरी. समोरच्याचे ओठ वाचायचे आणि त्यावर दिवस काढायचा. बाप हट्टी, सिनेमात पळालेली पोरगी त्याला मेल्यातच जमा होती, तिची पत्रं तो नेब्रास्कातल्या घरी न फोडताच चुलीत घालायचा. पण दर शनिवारी आई गावातल्या थिएटरात मूकपट पाहायला जायची, तिथे मात्र त्याचं काही चालत नसे. तिथे सगळेच बहिरे, याचंच तिला अप्रूप.

हॉलिवुडात सहा महिने पडद्यावरच्या गर्दीत उभं राहिल्यावर हल्डाला एकदाचं तोंड हलवायचं काम मिळालं: घर सोडून गेलेल्या मुलीचं.

"काय बोलू?" तिने विचारलं.

"काहीही बोल गं, पाढे म्हण!" दिग्दर्शक ओरडला. "इथे ऐकतंय कोण?"

हल्डाने कॅमेऱ्यात पाहून एकेक शब्द सुटा सुटा उच्चारला. "आई, मी बरी आहे. माझी स्वतःची खोली आहे. तू इकडे निघून ये."

चित्रपट लागला तेव्हा ती मेबेलला घेऊन गेली. मेबेल गर्दीत तिच्याच शेजारी उभी राहायची. पडद्यावर हल्डाचा एवढा मोठा चेहरा आला, ओठांनी 'आई' म्हटलं, आणि लगेच संवादाची काळी पाटी आली: 'मी घरी परत येते.' पाटी गेली तेव्हा तिचं तोंड मिटलेलं होतं.

"माझं बोलणं कुठे गेलं?"

"अगं वेडे, तोंड उघडलं की कापतात आणि पाटी लावतात," मेबेल हसली. "शंभर सिनेमे पाहिलेस ना?"

पाहिले होते. लक्ष कुणी दिलं होतं?

तीन आठवड्यांनी स्टुडिओच्या पत्त्यावर आईचं पत्र आलं. 'तू येते म्हणालीस, पाहिलं मी. तुझी गादी उन्हात घातली. तुझी पत्रं बाबा चुलीत घालतात, दिवस कळला नाही, म्हणून रोज दुपारच्या गाडीला स्टेशनवर जाते.'

उत्तर लिहिलं तरी चुलीतच जाणार होतं. हल्डाने पत्राची घडी केली, चेहऱ्याला रंग लावला आणि दिव्यांसमोर जाऊन उभी राहिली.

"चल, बोल काहीही!" दिग्दर्शक म्हणाला.

कॅमेरा फिरत राहिला. हल्डाचे ओठ हललेच नाहीत.