भिंतीकडं तोंड करून

निरंजनचं काही ठीक चाललेलं नव्हतं. चाळिशीला आलेला माणूस, नव्या रायपुरात मंत्रालयात बाबू, आणि घरी आला की पिशवी ठेवून सरळ माझ्या स्वयंपाकघराच्या दारात. चहा मागायचा नाही, पाणी मागायचं नाही. नुसता उभा राहून माझ्या हातांकडे बघायचा. मी विळीवर भेंडी चिरते, हा बघतो. मी कणीक तिंबते, हा बघतो. आपल्याच पोरापुढे मला पदर सावरावासा वाटायला लागला. एकदा दंडावर डास मारला, तर म्हणतो, "आई, मारताना तुले कसं वाटलं?"

"उशीर झाला असं वाटलं," मी म्हटलं. "आधीच चावला होता."

"मजाक नको करू. राग आला का?"

"डासाचा कोणाले राग येते रे? आता तुहा येऊन राहिला."

तो गेला नाही. खिशातून मोबाइल काढून ओट्यावर ठेवला. माझं बोलणं त्यात भरून घेत होता, हे मला सुनेनं सांगितलं. कौमुदी बिलासपूरची. मराठी सगळं समजतं, उत्तर हिंदीतच देते. "आई, वो फिलिम लिख रहे हैं. आप टेंशन मत लो."

टेन्शन कसं नाही घ्यायचं? छत्तीसगड वेगळं झालं, रायपूर राजधानी झाली, तेव्हापासून या गावात दोन धंदे फार वाढले, जमिनीची दलाली आणि सिनेमा. टीकम साहूनं दोन्ही केले. बापाचं शेत नव्या रायपुरात गेलं आणि हा डायरेक्टर झाला. पोरगा वाईट नाही, मला काकी म्हणतो, पाया पडतो. पण त्यानंच माझ्या सरळ पोराला नादी लावलं.

त्यांच्या सिनेमात सदर बाजारात एका सोनाराचा खून होतो. कोणी केला ते पहिल्या पाच मिनिटांतच दाखवून टाकायचं. मी म्हटलं, "मंग लोकं बसतीन कायले? उठून घरी जातीन."

"काकी, कोन मारिस ये बात नो हे," टीकम म्हणाला. "काबर मारिस, ये बात हे." कोणी मारलं ते नाही, काहून मारलं ते शोधायचं. खुन्याच्या डोक्यात शिरायचं.

डोक्यात शिरण्यासाठी दर रविवारी दोघं आमच्या बैठकीत बाहेरदेशचे खुनाचे सिनेमे लावून बसायचे. मी मटार सोलत दारापाशी. भाषा समजत नव्हती, पण खुनाला भाषा कशाला लागते? आमच्या वेळी सिनेमातला बदमाश दिसताक्षणी कळायचा. तो मेला की टाळ्या वाजवायच्या, घरी यायचं, वरण-भात खाऊन झोपायचं. हे सिनेमे तसे नव्हते. यांत खुनी गरीब चेहऱ्याचा, मांजराला दूध पाजणारा. आणि मग मधेच सगळं फिकट पिवळं व्हायचं, तो लहान असायचा, आणि दारात त्याची आई उभी असायची. प्रत्येक सिनेमात. कधी दारू पिणारी, कधी देवधर्मवाली, कधी नुसतीच बघणारी.

"काहून रे," मी विचारलं, "यायले बाप नसते का?"

निरंजन हसला. "बाप ऑफिसात असते, आई."

"मंग ऑफिसवाल्यानं काहीच केलं नाही, घरी राहिली तिनंच केलं. मस्त आहे तुमचा न्याय."

पण खरं सांगते, एका रविवारी मटार तसेच राहिले. त्यातला माणूस खून करून आला होता आणि शर्टाची बाही धूत होता. डाग जात नव्हता, आणि मला वाटलं, अरे, थंड पाण्यानं धू ना बाबा, गरम पाण्यानं रक्त पक्कं बसते. मी त्याच्या बाजूनं झाले होते. त्या दिवशी मला घरात एका जागी बसवेना. भांडी दोनदा घासली. गोल बाजारात काही काम नसताना गेले, कल्हईच्या भांड्यांचा भाव विचारला, घेतलं काहीच नाही. जो तो मला त्या बाहीवाल्यासारखा दिसायला लागला. बिचारा, आणि भयंकर.

तर असा निरंजन एक दिवस मोबाइल ठेवून म्हणाला, "आई, आमी लहानपणी चुकलो तं तू काय करत होती, ते सांग."

मला वाटलं, चला, आईचं मोल कळायला लागलं. मी खुलून सांगितलं. माझं माहेर काटोलचं. आमच्या घरी मारत नव्हते. मारलं की पोट्टं निबर होते, उपाशी ठेवलं की चोरी शिकते. आमच्याकडे खोटं बोलणाऱ्यानं, भांडणाऱ्यानं भिंतीकडं तोंड करून जेवायचं. ताट त्याचं सगळ्यांत आधी वाढायचं, आणि भरून वाढायचं. बाकीचे पंगतीत, तो एकटा पाठमोरा. हात धुवून येईपर्यंत त्याच्याशी कोणी बोलायचं नाही. बस, एवढंच. मीही तशीच वाढले आणि माझी दोन्ही पोरं तशीच वाढवली. पोरगी शर्मिष्ठा तर भिलाईच्या दवाखान्यात मोठी सिस्टर झाली.

"ताट भरलेलं असायचं," मी दोनदा सांगितलं. कारण मला एकाच गोष्टीचा गर्व आहे, आणि तो मी लपवत नाही. आमच्या साहेबांची, म्हणजे निरंजनच्या बाबांची, रेल्वेतली नोकरी, पगार बेताचा, घरात येणारे-जाणारे ढीगभर, पण आमच्या मोहल्ल्यात, तात्यापाऱ्यात, कोणालाही विचारा, पद्मिनीबाईच्या दारातून माणूस उपाशी गेला का? साडीवरून मला नावं ठेवली, तोंडावरून तर रोजच ठेवतात. ताटावरून कोणी ठेवलं नाही.

पंधरवड्यानं टीकमची माणसं दिवे, तारा, पेट्या घेऊन आमच्या घरात आली. खुन्याचं लहानपण आमच्याच स्वयंपाकघरात काढायचं ठरलं होतं. "घर पुराना जैसा दिखता है," टीकम म्हणाला. माझं घर पुरानं! तरी मी सगळ्यांसाठी तर्री-पोहे केले. शेजारची शेवंता सकाळपासूनच कंपाउंडवर कोपर टेकून उभी. तिच्यामागे पाऱ्यातल्या आणखी तिघी.

"पद्मिनीबाई, तुम्हीबी आहे का सिनेमात?"

"नाही बाई. माह्या घराले घेतलं, मले नाही घेतलं. घर बोलत नाही ना."

मग मीरा नावाची नटी आतल्या खोलीतून बाहेर आली आणि माझे हात जागीच थांबले. तिनं माझी जांभळी साडी नेसली होती. पदर कमरेला डावीकडून खोचलेला, मी खोचते तसा. कपाळावर कुंकू जरा वर, मी लावते तसं, तेवढंच. ती ओट्यापाशी गेली आणि फडक्यानं ओटा पुसताना कोपरा दोनदा पुसला. कोपरा दोनदा मी पुसते! माझ्या लक्षात आलं की निरंजन तीन महिने दारात उभा राहून काय बघत होता.

"आई, बहुत अच्छा कर रही है ना?" कौमुदी कानात म्हणाली. मी तिला चूप केलं.

लहान खुन्याचं काम करणाऱ्या पोराला भिंतीकडं तोंड करून पाटावर बसवलं. माझाच पाट. मीरानं त्याच्यासमोर ताट ठेवलं. टीकम ओरडला, दिवे लागले. ती पोराच्या पाठीमागे उभी राहून दात दाबून बोलली, "भिंतीकडं पाह्य. तिकडंच पाह्य." बाकी सिनेमा छत्तीसगढीत, पण खुन्याची आई मराठीत बोलत होती. माझ्या आवाजात.

कॅमेरा ताटावर गेला. ताट रिकामं होतं.

चुलीवरची कढई, पोह्यांची, मी उचलली आणि दिव्यांच्या मधोमध गेले. तार पायात आली, कोणीतरी "काकी, काकी" म्हणत धावला. मी त्या पोराच्या ताटात पोहे वाढले, वर शेव, कोथिंबीर, लिंबाची फोड. पोरानं लगेच खायला सुरुवात केली. भुकेलाच होता, सकाळपासून बसवला होता.

"कट," टीकम म्हणाला, आणि मग हळूच, "काकी, पूरा शॉट गया."

"जाऊ दे. माह्या घरात रिकामं ताट कोणी मांडलं?"

"ओ तुँहर घर नो हे, काकी. ओ हर खूनी के घर आय."

"साडी माही, पाट माहा, ओटा माहा, बोलणं माहं. अन् घर तेवढं खुन्याचं? त्या बाया कंपाउंडवर उभ्या आहे, त्याईले समजावून सांग, घर कोणाचं आहे ते."

कंपाउंडवर शेवंतानं कोपर काढून घेतलं नाही. उलट अजून पुढे झुकली.

टीकम समजावू लागला. म्हणाला, माणूस एका दिवसात खुनी होत नाही. आत कुठंतरी घाव पाहिजे. पब्लिकला तो घाव डोळ्यांना दिसला पाहिजे. भरलेल्या ताटासमोर बसलेला पोरगा बघून पब्लिक म्हणेल, इसको क्या तकलीफ है? रिकामं ताट दाखवलं की एका सेकंदात सगळं समजतं.

"अन् त्या एका सेकंदात माही चाळीस वर्षं गेली," मी म्हटलं. "निरंजन, तू सांग याले. ताट कधी रिकामं होतं का?"

निरंजन दारातच उभा होता, नेहमीच्या जागी. घाम आला होता त्याला. सगळे त्याच्याकडे बघायला लागले. मला वाटलं, आता माझी बाजू घेईल, टीकमकडे बघून हसेल, माफी मागेल. माझा पोरगा आहे, माझ्या तोंडाला भितो.

"नाही," तो म्हणाला. "भरलंच असायचं."

"ऐकलं?" मी टीकमला म्हटलं.

"पण आई, मी ते कधी खाल्लं नाही."

"काय बोलून राहिला? ताट चाटूनपुसून यायचं मोरीत."

"यायचं. कारण मी खिशात भरत होतो. चड्डीच्या दोन्ही खिशात. भाकर, भाजी, भात, सगळं. मंग गेटावरच्या गाईले टाकत होतो." पुढं बोलताना त्यानं माझ्याकडे नाही, भिंतीकडे बघितलं. "मागं तुमी सगळे बोलत असायचे. शर्मिष्ठा हसायची, बाबा ड्यूटीवरच्या गोष्टी सांगायचे, वाट्या वाजायच्या. मले वाटायचं, मी मेलो आहे अन् हे घर माह्याशिवाय मस्त चालू आहे. घास तोंडात गोल फिरायचा, उतरायचा नाही. खिशाले तेल लागायचं. तुले वाटलं, मी बाहेर भजे खाऊन आलो. मंग त्यासाठी दुसऱ्या दिवशी पुन्हा भिंत."

कौमुदीनं पदर तोंडाला लावला. पोहे खाणारा पोरगाही हात थांबवून ऐकत होता.

तेलाचे डाग मला आठवत होते. निळ्या चड्डीवरचे. रिठ्यानं घासले तरी जात नव्हते. कढई हातात होती, ती जड झाली होती, पण खाली ठेवायची कुठे ते सुचेना. सगळीकडे तारा.

"मंग तेच दाखव ना," मी शेवटी म्हटलं.

"कसं दाखवू?" निरंजन चिडला. पहिल्यांदाच चिडला. "भरलेलं ताट अन् उपाशी पोट्टं, हे कॅमेऱ्यात कसं येते? मी किती बार लिहिलं. टीकमभैया म्हणते, समजत नाही. म्हणून मी ताट रिकामं केलं. मले त्याची भूक दाखवायची होती. तुले कंजूस नव्हतं दाखवायचं."

"पण दिसली तं मीच."

"हो."

एवढंच. हो. त्यानं साधी मान खालीही घातली नाही. मला राग यायला पाहिजे होता. आलाही. पण त्या रागाला कुठे बसवायचं ते समजत नव्हतं. टीकम घड्याळ बघत होता, दिवा सांभाळणारा माणूस एका पायावरून दुसऱ्या पायावर होत होता. मीरा माझ्या साडीत, माझ्यासारखीच कमरेवर हात ठेवून, माझ्याकडे बघत होती. मी माझा मोकळा हात कमरेवरून काढला.

टीकम म्हणाला, "काकी, आप जैसा बोलो. दूसरा घर देख लेते हैं. सीन निकाल भी सकते हैं."

"तू गप रे," मी म्हटलं. कढई पोराच्या पाटाशेजारी जमिनीवर ठेवली आणि निरंजनसमोर जाऊन उभी राहिले. शेवंताला ऐकू जाईल इतक्या मोठ्यानं बोलले, मुद्दाम.

"ऐक. सीन काढू नको. घरबी दुसरं पाहू नको. याच भिंतीपुढं हा पोट्टा बसन, अन् माह्या साडीतली ही बाई त्याच्या मागं उभी राहीन. पण ताट भरलेलं पाहिजे. काठोकाठ, मी वाढून देईन. त्याच्या गळ्याखाली घास उतरत नाही, हे तुले दाखवता येत नसन तं तू खुन्याच्या डोक्यात काय शिरशीन, माहाच ओटा पुसत बस. मी कठोर होती, निरंजन, कद्रू नव्हती. मले वाईट दाखव, साऱ्या तात्यापाऱ्याले दाखव, मी पहिल्या रांगेत बसून पाहीन. खोटी दाखवशीन तं या घरात तुहं ताट मीच उचलून ठेवीन. अन् एक गोष्ट अजून लिही त्याच्यात. भिंत तीच, माय तीच. तो सिनेमातला खुनी झाला, तू बाबू झाला अन् तुही बहीण लोकायच्या जखमा बांधते. असं काहून झालं, ते मले माहीत नाही अन् तुलेबी माहीत नाही. माहीत नसन तं माहीत असल्यासारखा सिनेमा काढू नको."