गुप्त अर्ज

सरकारी कचेरीत खरं सांगायला गेलेल्या माणसाला आधी आपलं खरं कुठल्या खिडकीत घेतात ते शोधावं लागतं. थोरलीला ते शोधायला सहा दिवस लागले.

खरं काय होतं, तर तिचे वडील बसल्या बसल्या हरवायचे. झोपायचे नाहीत, बेशुद्धही पडायचे नाहीत. डोळे उघडे, पाठ ताठ आणि माणूस मात्र जागेवर नाही. अर्ध्या मिनिटानं परत यायचे आणि समोर असेल त्याच्यावर खेकसायचे. घरात दोनदा असं झालं तेव्हा चहा सांडला, एवढंच. तिसऱ्यांदा मात्र त्यांची शाळेची व्हॅन फुटपाथवर चढली आणि टपालपेटीला टेकून थांबली. आत अकरा मुलं होती. कुणाला खरचटलंही नाही, म्हणून वडिलांनी ते आपल्या कौशल्याच्या खात्यावर जमा करून टाकलं. डॉक्टरांनी गाडी बंद करा म्हणून सांगितलं, तर त्यांनी डॉक्टरच बदलला.

व्हॅन म्हणजे वडिलांचा जीव की प्राण. एकतीस वर्षं त्यांनी दुसऱ्या कुणाच्या गाडीत पाय ठेवला नव्हता. बायको गेली त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी साडेसहाला ते व्हॅनच्या काचा पुसत होते. त्या व्हॅनचे कागद मात्र सगळे थोरलीकडे. नवऱ्याचं घर सोडून ती परत आली त्याला चौदा वर्षं झाली. तेव्हापासून परवाना, विमा, तपासणी, शाळेशी पत्रव्यवहार, सगळं तिच्या हातचं. वडील फक्त सही करायचे, तीही न वाचता. ‘माझं डोकं हिच्याकडे ठेवलंय,’ असं चारचौघांत म्हणायचे, आणि ती ते ऐकून आठवडाभर हवेत असायची. आपलं डोकं आपल्यावरच उलटलं असं त्यांना कळलं असतं, तर या घरात तिला थारा नव्हता. दुसरं घर तर नव्हतंच.

पण ती अकरा मुलं तिला झोपू देईनात. म्हणून तिनं फोन लावला.

पहिला फोन व्यवसाय विभागाला. "व्हॅन धंद्याची आहे ना? मग इथंच," असं तिथला माणूस ठामपणे म्हणाला आणि सगळं लिहून घेतलं. दुसऱ्या दिवशी त्याच नंबरावर दुसरा माणूस होता. "बाई, आम्ही गाडी बघतो, माणूस बघत नाही."

"गाडी माणूसच चालवतो ना?"

"तो चालक विभाग. नंबर वेगळा."

चालक विभागातल्या मुलीनं विचारलं, लायसन संपलंय, हरवलंय की फोटो बदलायचाय? थोरली म्हणाली, रद्द करायचंय. "तुमचं?" "वडिलांचं." आणि पलीकडे संगीत वाजायला लागलं. सहा दिवसांत ते संगीत तिला इतकं पाठ झालं की भांडी घासताना ती ते गुणगुणायला लागली. तिथून वैद्यकीय कक्ष. कक्षानं पुन्हा व्यवसाय विभागाकडे टोलवलं. कारण व्हॅनमध्ये मुलं, मुलं म्हणजे प्रवासी आणि प्रवासी म्हणजे धंदा. कुणी वाईट बोललं नाही. सगळे अगदी अदबीनं तिला दुसऱ्याच्या दारात सोडून येत होते.

सहाव्या दिवशी विम्याचं काम सांगून ती स्वतःच गेली. इमारत एकच निघाली. एका जिन्यावर चालक विभाग, दुसऱ्यावर व्यवसाय विभाग, आणि मधल्या भिंतीतलं दार कुलूप लावून बंद. टेबलावर रुमाल पसरून पेरू कापत बसलेल्या कारकून बाई म्हणाल्या, "चालकाच्या प्रकृतीबद्दल गुप्त अर्ज. पहिला मजला, खिडकी सात. एवढ्यासाठी सहा दिवस?"

"मला कुणी सांगितलं नाही."

"तुम्ही नीट विचारलं नसेल," बाई म्हणाल्या आणि पेरूला मीठ लावलं.

अर्ज एका पानाचा होता. चौदा वर्षांच्या सवयीनं तिचा हात भराभर चालला: नाव, पत्ता, फोन, चालकाशी नातं. पान देऊन ती खाली आली आणि स्कूटरींच्या रांगेत उभी राहून रडली. नाक पुसलं, घरी गेली आणि वडिलांना गरम पोळ्या वाढल्या.

दहा दिवसांनी पत्र आलं. नेहमीसारखं वडिलांनी ते तिच्या हातात दिलं आणि डोळे मिटून खुर्चीत मागे टेकले. तिनं मोठ्यानं वाचलं. जवळच्या व्यक्तीकडून मिळालेल्या माहितीवरून आणि जुन्या डॉक्टरांच्या अहवालावरून लायसन तात्काळ स्थगित. वाहन चालवू नये.

"जवळची व्यक्ती म्हणजे कोण गं?" वडिलांनी डोळे न उघडता विचारलं.

"काय माहीत," थोरली म्हणाली.

त्यांनी डोळे उघडले. मग म्हणाले, "धाकट्याला बोलाव."

धाकटा तिचा भाऊ. वरच्या मजल्यावर राहायचा. त्याचा स्वतःचा टेम्पो होता. कपाटं, पलंग, सोफे घरोघर पोचवायचा. बायकोला सातवा महिना होता. महिन्याभरापूर्वी जेवताना तोच बोलून गेला होता, ‘बाबा, आता बास करा की.’ तो जिना उतरून आला, पाठोपाठ कठड्याला धरून बायको आली, आणि वडिलांनी एक शब्दही न बोलता त्याच्या कानशिलात लगावली.

"माझ्या जिवावर उठलास?"

"मी नाही बाबा. शप्पथ घेऊन सांगतो, मी नाही." बत्तीस वर्षांचा बाप्या गालावर हात ठेवून शाळकरी पोरासारखा उभा होता. त्यानं थोरलीकडे पाहिलं. "ताई, तू तरी सांग ना यांना."

ताई पेले पुसत होती. तिला त्या क्षणी त्याचा राग आला, खराखुरा राग, की यानं नेमकं माझ्याकडेच का बघावं. "मी काय सांगू?" ती म्हणाली आणि पुढचा पेला घेतला.

"चालता हो," वडील म्हणाले.

तिसऱ्या दिवशी आयुष्यभर लोकांची कपाटं वाहणाऱ्या त्या टेम्पोत धाकट्याचं स्वतःचं कपाट चढलं. जाताना भावजय थोरलीच्या पाया पडायला वाकायला लागली, तर पोट आड आलं. थोरलीनं तिला उठवलं आणि ‘काळजी घे’ म्हणाली. याहून अधिक काही म्हणण्यासारखं तिच्याकडे नव्हतं असं नाही. होतं, पण गिळलं.

आठ दिवस घर मुकं होतं. मुलांना आता दुसरी व्हॅन नेत होती. नवव्या दिवशी दुपारी वडील बाहेरून आले, अंगावर इस्त्रीचा शर्ट. बसनं गेले होते म्हणे. त्यांनी टेबलावर एक कोरा कागद सरळ करून ठेवला. तिनं तो लांबूनच ओळखला, खिडकी सातचा अर्ज.

"बस. पेन घे. नाव लिही धाकट्याचं."

"कशाला बाबा?"

"सातवीत असताना त्याला फिट यायच्या. टेम्पोच्या लायसनच्या वेळी फॉर्मवर विचारलं होतं. ‘नाही’ वर खूण कुणी केली?"

"मी. तुम्हीच सांगितलंत म्हणून." तिचा आवाज बारीक झाला. "लायसन घेतल्यापासून बारा वर्षांत एकदा आली नाही त्याला. नेमानं गोळी घेतो तो."

"मग तेही लिही. खोटं एक अक्षर नको. खरं तेवढंच लिही. तूसुद्धा खरंच लिहिलं होतंस."

थोरलीनं पेन खाली ठेवलं.

"फोन नंबर कुणाचा घातलास त्यावर?" वडिलांनी विचारलं. अगदी शांतपणे, दूध आलं का विचारावं तसं.

तिला आपला हात दिसला, भराभर चालणारा. चौदा वर्षं प्रत्येक फॉर्मवर तिनं एकच नंबर लिहिला होता, व्हॅनच्या मागं रंगवलेला. तो फोन वडिलांच्या खिशात असायचा.

"दुसऱ्याच दिवशी आला फोन. मी शाळेच्या फाटकात मुलं उतरवत होतो. मुलगी गोड बोलत होती. म्हणाली, अर्जदार आहेत का? मी म्हटलं, मी घरचाच, निरोप देतो. म्हणाली, त्यांना सांगा, बिनघोर राहा, तुमचं नाव वडिलांना कळणार नाही." ते हसले. "देतो म्हटलं निरोप. आज दिला."

"सगळं माहीत होतं, तर त्याला का मारलंत?"

"तू कधी तोंड उघडतेस ते बघत होतो. लायसन गेलं, ते गेलं. बाप म्हातारा झाला, हे मलाही कळतं. थपडेनंतर बोलली असतीस, तर तिथल्या तिथं मिटलं असतं. तो जिना उतरत असताना बोलली असतीस तरी चाललं असतं. तू पेले पुसलेस."

"त्याचं काय चुकलं यात? त्याचं पोट आहे त्या टेम्पोवर. मी नाही लिहिणार."

"नको लिहूस." वडिलांनी खिशातून तोच फोन काढला आणि कागदाशेजारी ठेवला. "मग त्याला फोन लाव. माझ्यासमोर सांग, अर्ज कुणी केला ते. आणि तो मार खात असताना तुला ते माहीत होतं, हेही सांग. दोनातलं एक कर, मग मी जेवायला बसतो."

एका वाक्याचं काम होतं. धाकट्यानं कदाचित माफही केलं असतं. तो तसाच होता, लहानपणापासून. थोरली फोनकडे बघत राहिली. पलीकडे तो ‘बोल ताई’ म्हणेल, आणि त्यानंतर पुन्हा कधीही तसं म्हणणार नाही. टेम्पो गेला तर तो दुसरं काही करेल, तरणाबांड आहे, आणि कुणी केलं ते त्याला कळणारही नाही. हा हिशेब आपण किती पटकन केला, याची तिला शिसारी आली. तिनं फोन बाजूला सरकवला, कागद पुढं ओढला आणि धाकट्याचं नाव लिहिलं.

नात्याच्या रकान्यात ‘बहीण’. फोनच्या रकान्यात तिनं स्वतःचा नंबर घातला, दोनदा तपासून. वडिलांनी कागद वाचून दाखवायला सांगितला आणि डोळे मिटून ऐकला.

दुसऱ्या दिवशी सकाळी कचेरी उघडायच्या आत ती पहिल्या मजल्यावर उभी होती. तिच्या मागं एक बाई येऊन उभ्या राहिल्या, हातात पिशवी, डोळे सुजलेले. त्या घाबरत घाबरत म्हणाल्या, "अहो, इथंच का हो ते, घरच्या माणसाबद्दल सांगायचं असतं ते? मला चार दिवस नुसतं इकडून तिकडं फिरवतायत."

"इथंच," थोरली म्हणाली. "पहिल्यांदाच आलात का?"